ॲटकिन म्हणजे फक्त गोगलगाय नव्हे

तुम्ही विचारलंय, की ब्रिटिश न्यायाधीश लॉर्ड ॲटकिन टॉर्टच्या (करार नसताना झालेल्या नुकसानीची भरपाई मागण्याच्या कायद्याच्या) पेपरापुरते येतात आणि जातात, त्यापलीकडे त्यांचं वाचण्यासारखं काही आहे का. आहे, आणि माझ्या मते तेच जास्त मोलाचं आहे.

गोगलगायीचं आधी उरकतो. १९२८ साली पेस्लीच्या एका कॅफेत डोनोह्यू बाईंना मैत्रिणीने जिंजर बिअर घेऊन दिली, अपारदर्शक बाटलीतून कुजलेली गोगलगाय निघाली. पैसे मैत्रिणीचे, म्हणजे करार नाही. मग उत्पादकावर दावा कसा? १९३२ मध्ये ॲटकिननी 'आपला शेजारी कोण' (म्हणजे आपल्या निष्काळजीपणाचा फटका ज्याला बसू शकतो तो, आणि त्याची काळजी घेणं आपलं कर्तव्य) हे सांगून ती वाट काढली, तीही तीन विरुद्ध दोन मतांनी. बाटलीत खरंच गोगलगाय होती का, हे मात्र कधी सिद्ध झालंच नाही. प्रकरण पुढे तडजोडीत मिटलं.

माणूस मूळचा ब्रिस्बेनचा, जन्म १८६७. वडील लवकर गेले, बालपण वेल्समध्ये आजीकडे. १८९१ला बॅरिस्टर झाले, पण सुरुवातीची वर्षं काम मिळेना. नंतर व्यापारी दाव्यांत जम बसला. १९१३ला हायकोर्ट, १९१९ला अपील कोर्ट, १९२८ला हाउस ऑफ लॉर्ड्स, म्हणजे तिथलं तेव्हाचं सर्वोच्च न्यायालय.

आता १९४१. युद्ध चालू, आणि ब्रिटनच्या युद्धकालीन संरक्षण नियमांपैकी १८-ब खाली गृहमंत्री कोणालाही विनाखटला डांबू शकत होते. अट एवढीच, की ती व्यक्ती घातक असल्याचं मानायला 'वाजवी कारण' असावं. लिव्हरसिज नावाच्या कैद्याने विचारलं, कारण काय ते तरी सांगा. त्याला डांबण्याचा हुकूम काढणारे गृहमंत्री होते सर जॉन अँडरसन, १९३२ ते ३७ बंगालचे गव्हर्नर. विनाखटला स्थानबद्धता त्यांना नवी नव्हती! चार न्यायाधीश म्हणाले, कारण आहे असं मंत्र्यांना मनापासून वाटलं की झालं. ॲटकिन एकटे उलट गेले. त्यांचा दाखला बघा: 'अमक्याचा घोटा मोडला असेल तर' याचा अर्थ 'आपला घोटा मोडलाय असं अमक्याला वाटत असेल तर' असा होऊच शकत नाही. शिवाय मूळ मसुद्यात फक्त 'मंत्र्यांची खात्री पटल्यास' असं होतं. खासदारांनी ओरड केली म्हणून तो बदलला होता. म्हणजे संसदेच्या आग्रहाने मुद्दाम घातलेली अट चौघांनी अर्थ लावता लावता पुसून टाकली.

शब्दाला आपण देऊ तोच अर्थ, म्हणणारा ॲलिसच्या गोष्टीतला हम्प्टी डम्प्टीही त्यांनी निकालात आणला आणि न्यायाधीशच सरकारपेक्षा जास्त सरकारी झालेत असं सुनावलं. लॉर्ड चॅन्सेलर (न्यायव्यवस्थेचे तेव्हाचे प्रमुख) सायमन यांनी तो हम्प्टीचा भाग गाळा म्हणून आधीच पत्र लिहिलं होतं. ॲटकिननी गाळला नाही. मग त्या चौघांपैकी एक, लॉर्ड मॉघम यांनी थेट 'टाइम्स'ला पत्र लिहून नाराजी जाहीर केली. न्यायाधीश वर्तमानपत्रातून भांडताना तुम्ही किती वेळा पाहिलेत?

ॲटकिन १९४४ला वारले. बहुमत चुकीचं होतं हे लॉर्ड डिप्लॉक यांनी हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये स्पष्ट म्हटलं ते १९७९ साली.

आपल्याकडे हा वाद परका नाही. १९४३ला मुंबईच्या केशव तळपदे खटल्यात फेडरल कोर्टाने (ब्रिटिशकालीन भारताच्या वरिष्ठ न्यायालयाने) भारत संरक्षण नियम २६ रद्द ठरवला, कारण कायद्यात 'वाजवी संशय' होता आणि नियमात नुसतं 'समाधान'. सरकारने लगेच वटहुकूम काढून भोक बुजवलं. आणि आणीबाणीत डांबलेल्यांना कोर्टात दाद मागता येत नाही असं ठरवणारा १९७६चा सुप्रीम कोर्टाचा एडीएम जबलपूर निकाल: बहुमताने लिव्हरसिजचा आधार घेतला, त्या बहुमतात आपले यशवंतराव चंद्रचूड होते, आणि न्या. खन्ना एकटे विरोधात. तिथेही चार विरुद्ध एक.

लिव्हरसिजचा मूळ निकाल 'अपील केसेस' या निकालसंग्रहाच्या १९४२च्या खंडात पान २०६ पासून आहे. आधी मॉघम वाचा, मग ॲटकिन. उलट्या क्रमाने वाचलंत तर मॉघमकडे लक्षच जाणार नाही, आणि त्यांचा मुद्दा अगदीच टाकाऊ नाही: हेरखात्याची गुप्त माहिती भर युद्धात कोर्टापुढे मांडायची कशी, याचं सोपं उत्तर ॲटकिनकडेही नव्हतं.