सूझा जमा की वजा?

प्रश्न : घराची आवराआवर करताना काकांच्या गठ्ठ्यात ‘द अदर स्टोरी’ नावाचा १९८९चा कॅटलॉग सापडला. लंडनच्या हेवर्ड गॅलरीतल्या प्रदर्शनाचा आहे. विषय महायुद्धानंतरची ब्रिटनमधली कला, आणि आत बघतो तर आमच्या साळगावचा चित्रकार फ्रान्सिस न्यूटन सूझा! तो ब्रिटिश कलेत कसा जमा झाला? आणि पुस्तक वाचण्याजोगं आहे का? माझं इंग्रजी बेताचंच.
– एक वाचक, म्हापसा, गोवा

उत्तर : आधी एक करा, तो गठ्ठा रद्दीवाल्याला दाखवू नका. माझ्याकडे या कॅटलॉगची नुसती झेरॉक्स आहे, मैत्रिणीने करून दिलेली, स्पायरल केव्हाच सुटलंय. झेरॉक्समध्ये त्यातल्याच दुसऱ्या चित्रकाराच्या, अविनाश चंद्रच्या, रंगांचा पार राखाडी चिखल झाला. सूझाचं मात्र काही बिघडलं नाही. त्याची ती जाड, काट्यासारखी टोचणारी काळी रेघ त्या मशीनलाही मारता आली नाही.

तुम्ही विचारता, जमा कसा झाला. मी विचारीन, वजा कसा झाला? मुंबईच्या जे.जे. कला महाविद्यालयातून काढून टाकलेला हा माणूस १९४९मध्ये लंडनला गेला. सुरुवातीची वर्षं ओढगस्तीची. १९५५मध्ये ‘एन्काउंटर’ मासिकात त्याचं आत्मकथन छापून आलं, त्याच वर्षी गॅलरी वनमध्ये प्रदर्शन झालं आणि नाव झालं. त्याचा १९५९चा काळाकुट्ट ‘क्रूसिफिक्शन’ आज ब्रिटनच्या टेट या कलासंग्रहालयात आहे. पण १९६७मध्ये तो न्यूयॉर्कला गेला आणि ब्रिटिश कलेच्या इतिहासातून हळूहळू गळाला.

हा हिशेब मांडायला बसला रशीद अराईन. कराचीत सिव्हिल इंजिनिअरिंग शिकून १९६४मध्ये लंडनला आलेला, स्वतः शिल्पकार. पुलाच्या कैच्यांसारख्या जाळीदार चौकटी करायचा. एका कामाचं नावच ‘चार यार’. या प्रदर्शनाचा प्रस्ताव त्याने १९७८मध्ये मांडला, प्रदर्शन भरायला १९८९चा नोव्हेंबर उजाडला. इतकी वर्षं चिकाटी धरायला इंजिनिअरच हवा! त्याचं म्हणणं साधं आहे : आशियाई-आफ्रिकी वंशाची ही मंडळी लंडनमध्ये बसून आधुनिक कलाच करत होती, तेव्हा त्यांना ‘परदेशी कला’ अशा वेगळ्या कपाटात कोंबू नका. म्हणजे तुमचं ‘आमच्या साळगावचा’ हे कौतुकही त्याला फारसं रुचलं नसतं. (मला रुचतं. साळगाव वगळून सूझाचे ते संत आणि चर्च कळतील, असं मला वाटत नाही.)

पुस्तक निर्दोष नाही. यादी मी बोटांवर मोजली : २४ कलाकार, त्यात बायका चार. त्या चौघींतल्या लुबैना हिमिदला २०१७मध्ये टर्नर हा ब्रिटनमधला मानाचा कलापुरस्कार मिळाला, सोनिया बॉइसला २०२२मध्ये व्हेनिसच्या कला-बिएनालेचा गोल्डन लायन. म्हणजे नजर होती, जागा दिली नाही. २४ जणांत अराईन स्वतःही आहे, त्यावरून टीका झालीच. मुंबईत जन्मलेल्या शिल्पकार अनिश कपूरने तर सामील व्हायला नकार दिला. तो नकार मला समजतो. वंशाचा शिक्का कपाळावर कुणाला हवा असतो?

बेताच्या इंग्रजीची काळजी नको. सुरुवातीची प्रस्तावना जड आहे, ती सोडा. ‘आधुनिकतेच्या बालेकिल्ल्यात’ अशा अर्थाचं शीर्षक असलेला भाग उघडा. सूझा तिथेच आहे, शिवाय ऑब्री विल्यम्स आणि फ्रँक बोलिंग हे गयानाचे दोघे चित्रकार. चित्रं आधी बघा, मजकूर मागाहून.

पानं सुटली असतील तर फेविकॉल लावू नका. आणि जमलं तर सूझाच्या पानांचे फोटो मासिकाच्या पत्त्यावर धाडा. माझ्या झेरॉक्समध्ये नेमकी तिथली दोन पानं नाहीत.