'रेयांश' : सूर्याचा किरण की देण्याजोगा वाटा?

प्रश्न असा आला आहे : पुतणीच्या मुलाचे नाव 'रेयांश' ठेवले. नावांच्या याद्यांमध्ये त्याचा अर्थ कुठे 'सूर्याचा पहिला किरण', तर कुठे 'विष्णूचा अंश' असा दिलेला असतो. मोल्सवर्थच्या किंवा आपट्यांच्या कोशात हा शब्द सापडत नाही. मग हे नाव मूळचे कोणत्या भाषेतले, आणि दोहोंपैकी खरा अर्थ कोणता?

थोडक्यात उत्तर असे, की 'रेयांश' हा जुना संस्कृत शब्द नाही. तो आपल्याच काळात जुळवलेला आहे आणि दोन्ही अर्थ त्याला मागाहून चिकटवलेले आहेत. मात्र त्याची जुळवणी कशी झाली असावी हे पाहण्यासारखे आहे.

आधी शेपूट धरू. 'अंश' म्हणजे भाग, वाटा. गीतेच्या पंधराव्या अध्यायातील 'ममैवांशो जीवलोके' (15.7) या चरणामुळे ईश्वराचा अंश ही कल्पना आपल्या चांगलीच परिचयाची आहे, आणि शिव + अंश = शिवांश, देव + अंश = देवांश ही नावे संधीच्या दृष्टीने निर्दोष आहेत. 'रेयांश'मध्ये मात्र अंश आहे, पण तो कोणाचा हे सांगणारा विष्णू कुठेच नाही. विष्णूला आणायचेच तर विष्णु + अंश = विष्ण्वंश असे रूप होईल, आणि अशी हाक कोणती आई गॅलरीतून मारील?

किरणाचे म्हणाल, तर तो 'अंश' नसून 'अंशु' आहे. अमरकोशात किरणाच्या पर्यायांमध्ये मयूख, गभस्ति यांच्या पंक्तीला अंशु बसलेला आहे. अंशुमान म्हणजे सूर्य, आणि हिमांशु, सुधांशु म्हणजे चंद्र, ते या उकारामुळेच. उकार गळला की किरण जातो आणि वाटा उरतो. योगायोग असा, की ऋग्वेदात (2.27.1) मित्र, अर्यमा, भग, वरुण, दक्ष यांच्याबरोबर 'अंश' नावाचा एक आदित्यही येतो, त्यामुळे सूर्याशी नाते जोडायचेच असेल, तर ते या बाजूने जोडता येते, परंतु याद्या करणाऱ्यांच्या मनात हा आदित्य होता, असे मला वाटत नाही.

आता 'रेय'. रवि + अंश म्हणावे, तर अति + अंत = अत्यंत या न्यायाने 'रव्यंश' होते. रयि म्हणजे धन. ऋग्वेदाच्या पहिल्याच सूक्तात 'अग्निना रयिमश्नवत्' असे आले आहे. त्याचे रूप 'रय्यंश' होईल. रय म्हणजे वेग, त्याचे 'रयांश' होईल. यांपैकी एकातूनही 'रे' निघत नाही. मग सूर्यकिरण आला कोठून? माझ्या मते तो सरळ इंग्रजीतून आला आहे : किरणाला इंग्रजीत 'रे' म्हणतात, आणि 'एक्स-रे'मुळे तो शब्द आपल्याकडे घरोघरी पोहोचलेला आहे. म्हणजे पूर्वार्ध इंग्रजी, उत्तरार्ध संस्कृत, आणि मधला 'य' केवळ उच्चार सुलभ व्हावा म्हणून.

तरीही संस्कृतातूनच व्युत्पत्ती हवी असा कोणाचा हट्ट असेल, तर एक वाट आहे. 'दा' या धातूपासून 'देय', 'पा'पासून 'पेय', 'ज्ञा'पासून 'ज्ञेय' अशी रूपे होतात. त्याच रीतीने धातुपाठातील, म्हणजे संस्कृत धातूंच्या जुन्या यादीतील, 'रा' (देणे) या धातूपासून 'रेय', म्हणजे 'देण्याजोगे', हे रूप व्याकरणाने सिद्ध करता येते. तेव्हा रेयांश म्हणजे 'देण्याजोगा वाटा', जवळजवळ 'देयांश'. सोसायटीच्या थकबाकीच्या नोटिशीत शोभेल असा हा अर्थ कोणी बारशाला सांगणार नाही, पण संधी, समास आणि प्रत्यय या तिन्हींच्या कसोटीला उतरणारा एवढाच आहे.

नावाचे खरे उगमस्थान मला पंचांगात दिसते. अवकहडा चक्रात प्रत्येक नक्षत्राच्या चार चरणांना चार अक्षरे दिलेली असतात आणि स्वातीची अक्षरे रू, रे, रो, ता अशी आहेत. बाळ स्वातीच्या दुसऱ्या चरणावर जन्मले, की गुरुजींच्या चिठ्ठीवर 'रे' येते. आता 'रे'पासून सुरू होणारी नावे मोजून पाहा : रेवा, रेवती, रेणुका ही मुलींची झाली. मुलांसाठी फारसे काही उरत नाही. दुसरीकडे 'दिव्यांश' हे नाव रूढ झालेलेच होते. त्यातील 'य' हा 'दिव्य' या शब्दाचा आहे, पण कानाने तो भलत्याच ठिकाणी तोडला आणि 'यांश' हा जणू स्वतंत्र प्रत्यय मानला. मग चिठ्ठीवरचे अक्षर पुढे लावायचे एवढेच काम राहिले. रेयांश, रियांश, कियांश, अयांश ही सगळी भावंडे मला याच साच्यातली वाटतात. अक्षर आधी, नाव नंतर आणि अर्थ सर्वांत शेवटी, असा हा उलटा प्रवास आहे.

खरे तर 'रे'चा दुष्काळ भासतो तेवढा नाही. नवनाथांपैकी रेवणनाथ आहेत आणि त्यावरून 'रेवण' हे नाव आपल्याकडे चालत आलेले आहे. ज्यांना सूर्यच हवा आहे, त्यांच्यासाठी रेवंत आहे : मार्कंडेय पुराणात रेवंत हा सूर्याचा मुलगा, अश्विनीकुमारांचा भाऊ. एवढा तयार सूर्यपुत्र दारात उभा असताना इंग्रजी किरण उसना आणावा, याचे मला थोडे वाईट वाटते.

पतंजलीने 'महाभाष्य' या आपल्या व्याकरणग्रंथाच्या आरंभी याज्ञिकांचे एक वचन दिले आहे. त्यानुसार मुलाच्या नावाच्या आरंभी घोष (ग, द, ब, र यांसारखा मृदू) वर्ण असावा, मध्ये अंतःस्थ (य, र, ल, व यांपैकी) असावा, अक्षरे दोन किंवा चार असावीत, आणि नाव कृत् प्रत्ययाने (धातूला लागणाऱ्या) झालेले असावे, तद्धिताने (नामाला लागणाऱ्या) नव्हे. 'रेयांश'मध्ये आरंभी घोष 'र' आहे, मध्ये अंतःस्थ 'य' आहे, आणि मराठी उच्चारात अक्षरेही दोनच ऐकू येतात. नादाच्या परीक्षेत हे नाव उत्तम उत्तीर्ण होते. अडते ते कृत् प्रत्ययापाशी, आणि तिथे वर सांगितलेला 'देण्याजोगा' अर्थ पत्करावा लागतो.

शब्दकोशात नाही म्हणून नाव चुकीचे, असे मात्र मी म्हणणार नाही. 'मिलिंद' हे नाव मिनँडर या ग्रीक राजाच्या नावाचे पाली रूप आहे, आणि आज ते कोणालाही परके वाटत नाही.

लिहिण्याबोलण्याच्या दोन गोष्टी. मराठीत 'श'पूर्वीचा अनुस्वार 'वंश', 'संशय' यांतल्याप्रमाणे 'व'कडे झुकतो, म्हणून मराठी तोंडी हे नाव 'रेयांव्श' असे येते. रोमी स्पेलिंग वाचून शाळेत 'रेयान्श' म्हणतात, ते त्या लिपीमुळे. विभक्ती लावताना 'अंशाचा', 'अंशाला' असे सामान्यरूप होत असले, तरी विशेषनाम म्हणून 'रेयांशचा', 'रेयांशला' असेच लिहावे. 'रेयांशाला' असे लिहिले, तर थकबाकीचा तो वाटा पुन्हा आठवायचा.