टीव्ही शोमध्ये जज असलेला अली कॅम्पबेल हाच ‘रेड रेड वाइन’वाला का? मग यूबी४० बँड त्याने सोडला का?

हो, तोच. २०१२ ला मी ऑकलंडला होतो तेव्हा टीव्हीवर ‘न्यूझीलंड्स गॉट टॅलेंट’ लागायचं, रेचल हंटर, जेसन केरिसन आणि हा असे तीन जज. आई तेव्हा आमच्याकडे आलेली, ती म्हणाली हा कोण रे बाबा, मी मोबाईलवर गाणं लावून दाखवलं तर म्हणे अय्या, हे गाणारा असा दिसतो होय, मला तर जमैकाचा कोणीतरी वाटलेला. खरं सांगू का, कॉलेजात असताना मलाही तसंच वाटायचं. आवाज सगळ्या जगाला पाठ पण तोंड कोणाला ओळखू येत नाही अशी या माणसाची गंमत होती, कारण बँडमध्ये आठ जण, कोण गातंय ते कॅसेटवरून कळणार कसं. टीव्हीमुळे ते बदललं.

आणि तेही न्यूझीलंडमध्येच का, तर तिथे रेगे (यूबी४० गातं ते, मूळ जमैकाचं संगीत) म्हणजे आपल्याकडे गणपतीत ढोल-ताशा तसं आहे. जमैकाचा रेगे गायक बॉब मार्ली १९७९ ला ऑकलंडच्या वेस्टर्न स्प्रिंग्जला गाऊन गेला तेव्हापासून तिथले मूळचे माओरी आणि बेटांवरच्या लोकांनी ते आपलंच करून टाकलं. मार्लीचा वाढदिवस ६ फेब्रुवारी, त्याच दिवशी तिथला राष्ट्रीय दिवस वायटांगी डे, सुट्टीच असते, त्यामुळे दिवसभर प्रत्येक बार्बेक्यूला हीच गाणी. मग जज म्हणून हा चालणार नाही तर कोण.

अली मूळ बर्मिंगहॅमचा, वडील इयन कॅम्पबेल स्कॉटिश लोकगीतं गाणारे, त्यांचं चांगलं नाव होतं. पबमधल्या मारामारीत अलीच्या डोळ्याला लागलं, त्याची जी नुकसानभरपाई मिळाली त्यातून पोरांनी वाद्यं घेतली आणि १९७८ ला बँड सुरू. यूबी४० हे बेकारभत्त्याच्या फॉर्मचं नाव, सगळे बेकार होते म्हणून तेच ठेवलं, १९८० च्या पहिल्या अल्बमच्या कव्हरवर पण तो फॉर्मच छापलाय. ‘रेड रेड वाइन’ मूळ नील डायमंडचं, यांचं १९८३ ला ब्रिटनमध्ये एक नंबर आणि अमेरिकेत चक्क पाच वर्षांनी, १९८८ ला.

आता सोडलं का. २००८ ला सोडलं. त्याचं म्हणणं मॅनेजमेंट आणि पैशाचे व्यवहार पटत नव्हते, बँडवाल्यांचं म्हणणं याला सोलो करायचं होतं. खरं खोटं त्यांनाच माहीत, पण नंतर २०११ मध्ये बँडमधल्या काही जणांनी दिवाळखोरी जाहीर केली हे बघता पैशाचा घोळ काहीतरी होताच असं मला वाटतं. खरा मसाला पुढे आहे, अली गेल्यावर त्याच्या जागी गायला कोण आलं तर डंकन, सख्खा भाऊ! आणि दुसरा सख्खा भाऊ रॉबिन तिथेच गिटारवर. म्हणजे आपल्याकडे बांधावरून होते ना तशी अस्सल भाऊबंदकी, फक्त इथे बांधाच्या जागी बँडचं नाव. २०१३ मध्ये उरलेल्यांनी कंट्री म्युझिकचा अल्बम काढला तो बँडमधल्या अॅस्ट्रोला (ट्रम्पेट वाजवणारा आणि गाणारा) अजिबात आवडला नाही आणि तो उठून अलीकडे आला, कीबोर्डवाला मिकी व्हर्च्यू पण होताच, मग यांनी पण यूबी४० नाव लावलं आणि प्रकरण लंडनच्या हायकोर्टात. बीबीसीने २०१६ ला यावर एक डॉक्युमेंटरी केलीय, मिळाली तर बघाच, दोन्हीकडचे लोक आपापली बाजू सांगतात आणि तुम्हाला दोघांचंही पटतं.

२०२१ मध्ये अॅस्ट्रो गेला, तिकडे सॅक्सोफोनवाला ब्रायन ट्रॅव्हर्स पण त्याच वर्षी गेला, डंकनने तब्येतीमुळे गाणं थांबवलं. तरी दोन्ही बँड अजून चालूच आहेत. त्यामुळे कधी तिकीट काढायची वेळ आली तर पोस्टर नीट वाचा, नुसतं यूबी४० लिहिलं असेल तर तो रॉबिनवाला, तिथे आता मॅट डॉइल गातो, आणि पुढे ‘फीचरिंग अली कॅम्पबेल’ असेल तरच तुम्हाला तो टीव्हीवाला दिसेल.