फ्लॉरेन्सला जातेसच, तर…

प्रिय,

तुझी इटलीच्या सहलीची एक्सेल शीट पाहिली. रंगीबेरंगी रकाने झकास जमलेत. पण सात दिवसांत मिलान, व्हेनिस, पिसा, फ्लॉरेन्स, रोम आणि वर नेपल्स? ही सहल नव्हे, पोस्टमनचा बटवडा झाला. मीही पहिल्यांदा असाच गेलो होतो, एका टूर कंपनीबरोबर. फ्लॉरेन्सचं उफिझी कलासंग्रहालय चाळीस मिनिटांत उरकलं, कारण तिकडे हॉटेलात खिचडी-कढी गार होत होती. त्या दिवसातलं आज नीट आठवतं ते फक्त खिचडी. तिथल्या बोत्तिचेल्लीच्या चित्रातली व्हीनस म्हणशील, तर पुढच्या काकूंच्या टोपीमुळे गुडघ्यापर्यंतच दिसली.

म्हणून सांगतो, एकच शहर धर. फ्लॉरेन्स. सगळ्या रात्री तिथेच, एकाच खोलीत. रोम कमी आहे म्हणून नाही. रोममध्ये दोन हजार वर्षं एकमेकांच्या खांद्यावर बसलीत, पहिल्या फेरीत दमछाक होते. फ्लॉरेन्सचं जुनं गाव तू अर्ध्या-पाऊण तासात पायी ओलांडशील. आणि तिथली माणसं एकमेकांना ओळखत होती, भांडत होती, ते अजून दिसतं. 1401 साली बाप्तिस्त्रीच्या, म्हणजे बाप्तिस्मा देण्याच्या इमारतीच्या, कांस्य दरवाजांसाठी स्पर्धा लागली. घिबेर्ती जिंकला, ब्रुनेलेस्की हरला. पुढे 1420 ते 1436 या काळात त्याच ब्रुनेलेस्कीने समोरच्या कथीड्रलवर तो अवाढव्य घुमट चढवला. स्पर्धेचे दोघांचेही नमुने बार्जेल्लो संग्रहालयात शेजारी-शेजारी लावलेत. विषय एकच, अब्राहाम मुलाचा बळी द्यायला निघालाय तो क्षण. तूच परीक्षक हो. मी दर वेळी मत बदलतो.

आता रुक्ष कामं. व्हिसाची अपॉइंटमेंट आधी धर, तिकिटं-हॉटेलं नंतर रंगव. उफिझी आणि अकादेमिया ही दोन्ही संग्रहालयं सोमवारी बंद असतात, तेव्हा सोमवार चर्चेससाठी ठेव. महिन्याच्या पहिल्या रविवारी सरकारी संग्रहालयं फुकट असतात. त्या दिवशी त्यांच्या वाटेलाही जाऊ नकोस, पंढरपूरची बारी बरी. अकादेमियातला मायकेलअँजेलोचा दाविदचा पुतळा, उफिझी, घुमटाच्या 463 पायऱ्या आणि ब्रांकाची चॅपेल (चर्चमधलं भित्तिचित्रांचं छोटं प्रार्थनादालन), एवढ्यांची वेळ घरूनच ठरवून ये. बाकी काही बुक करू नकोस. ओढणी कायम जवळ असू दे, चर्चमध्ये खांदे झाकावे लागतात. बूट नवे नकोत. कॉफी काउंटरपाशी उभ्यानेच घे, खुर्चीवर टेकलीस की तिचे दर निराळे.

उफिझीत सगळे बोत्तिचेल्लीकडे धावतात. धावू दे. तू सुरुवातीच्याच एका दालनात थांब. तिथे सिंहासनावर बसलेल्या मेरीची तीन भलीमोठी चित्रं आहेत: चिमाबुए, दुच्चो आणि जोत्तो यांची. तिघांमध्ये फार तर पाव शतकाचं अंतर. पहिल्या दोघांच्या मेरी सोन्यात तरंगतात. जोत्तोची मात्र बसलीय. निळ्या वस्त्राखाली तिचे गुडघे जाणवतात, अंगाचं वजन सिंहासनावर पडलेलं कळतं. लाइफ ड्रॉइंगच्या तासाला मी तुमच्यामागे ‘वजन कुठंय, वजन?’ म्हणून फिरायचो ना, ते हे. अर्धा तास दे तिथं. मग व्हीनसकडे गेलीस तरी चालेल.

पण खरं सांगायचंय ते सांता त्रिनिता या चर्चबद्दल. नदीजवळ आहे, बाहेरून डोळ्यांत भरत नाही. आत उजव्या अंगाला सास्सेत्ती नावाच्या सावकाराचं चॅपेल आहे. गिरलांदायोने ते 1480च्या दशकात रंगवलं. आत अंधार असतो. भिंतीपाशी एक पेटी आहे, तिच्यात नाणं टाकलं की दिवा लागतो आणि थोड्या वेळाने खट्कन विझतो. वेदीच्या लगेच वरचं चित्र बघ. खिडकीतून पडून मेलेलं पोर संत फ्रान्सिस जिवंत करतोय. घटना रोमची, पण चित्रकाराने ती आणून ठेवली थेट चर्चच्या दारातल्या चौकात. डावीकडचा दगडी वाडा स्पिनी घराण्याचा, मागे पूल, उजवीकडे या चर्चचाच जुना दर्शनी भाग. दिवा विझला की बाहेर ये. तोच वाडा समोर उभा असतो. खाली आता महागड्या चपलांचं दुकान आहे, पण खिडक्या मोज. मग परत आत जा, दुसरं नाणं टाक.

मी हे तीनदा केलं. चर्चची राखण करणारा म्हातारा हसायला लागला होता.

भित्तिचित्रांजवळ गेलीस की तिरकी उभी राहून बघ. गिलावा ओला असेपर्यंतच रंग लावायचा, म्हणून त्या दिवसापुरताच गिलावा थापत. त्या रोजच्या कामाचे सांधे कडेने दिसतात. कुठला चेहरा एका अख्ख्या दिवसाचा, हे मोजता येतं. अजिंठ्याला कोरड्या गिलाव्यावर काम आहे, त्यामुळे आपल्या डोळ्याला ही सवय नसते. सराव ब्रांकाची चॅपेलमध्ये कर, चित्रकार माझाच्चोने रंगवलेल्या भिंतीपुढे.

एक सकाळ सान मार्को मठाला. जिना चढताच समोर फ्रा आंजेलिकोचं चित्र येतं, ते आधी फोनवर बघून ठेवू नकोस. एक दिवस जवळच्या सिएना गावाला, ट्रेनने नव्हे, बसने. स्टेशन टेकडीखाली आहे, बस गावात सोडते.

शेवटच्या दुपारी कास्चीने बागेत जा. तिच्या पार पश्चिम टोकाला स्मारकाची एक छत्री आहे आणि तिच्याखाली आपल्या कोल्हापूरच्या छत्रपती दुसऱ्या राजाराम महाराजांचा अर्धपुतळा. इंग्लंडहून परतताना ते इथं आजारी पडले आणि 30 नोव्हेंबर 1870 रोजी गेले. वय अवघं वीस. आर्नो आणि मुन्योने नद्यांच्या संगमावर त्यांना अग्नी दिला. छत्रीचा आराखडा मेजर मँटचा, म्हणजे ज्या नव्या राजवाड्यावरून तू सायकलने कॉलेजला यायचीस, त्याच्याच वास्तुरचनाकाराचा. शेजारच्या पुलालाही ‘इंडियानो’ म्हणतात. महाराज त्या प्रवासात रोजनिशी लिहीत होते. तूही वही ने. फोटो कमी काढ, रोज एक स्केच कर, वाईट आलं तरी फाडू नकोस. आणि तिथून ऊन असतानाच नीघ, परत यायला बरंच चालावं लागतं.

पाकिटात एक-एक युरोची पाच नाणी घातलीत, मागच्या फेरीतली उरलेली. ती कॉफीत घालवू नकोस, दिव्याच्या पेटीसाठी आहेत.

तुझा,
सर