वाचकांचे प्रश्न : माहितीचे माप आणि तिच्या वहनाची मर्यादा

अमेरिकन गणितज्ञ व अभियंते क्लॉड शॅनन यांनी १९४८ साली ‘बेल सिस्टिम टेक्निकल जर्नल’मध्ये दोन भागांत प्रसिद्ध केलेल्या संदेशवहनाच्या गणिती सिद्धांताचा परिचय आम्ही गेल्या अंकात करून दिला होता. ‘माहितीचे माप संदेशाच्या अर्थावर अवलंबून नसते’ हे त्यातील विधान अनेकांना खटकलेले दिसते. आलेल्या पत्रांपैकी चार पत्रांना येथे उत्तरे देत आहोत.

प्रश्न : मी तार खात्यात नोकरी केली. शुभेच्छांच्या तारांसाठी आमच्याकडे ठरलेल्या वाक्यांची क्रमवार यादी असे. ग्राहक त्यातले एक वाक्य निवडत असे, आम्ही केवळ त्याचा क्रमांक पुढे पाठवत असू आणि पलीकडच्या कार्यालयात ते वाक्य पूर्ण लिहून घरपोच दिले जात असे. ज्याच्या घरी तार जाई त्याला अर्थाशीच कर्तव्य होते. अर्थ वगळला, तर संदेशात मोजण्यासारखे उरते काय?
— सेवानिवृत्त तार कर्मचारी, निपाणी

उत्तर : आपल्या प्रश्नातच त्याचे उत्तर दडलेले आहे. नवदांपत्याला दिलेला आशीर्वाद कितीही लांबलचक असला, तरी तारेवरून जात होता तो फक्त एक आकडा, कारण यादी दोन्ही कार्यालयांत आधीपासूनच होती आणि पलीकडच्या कर्मचाऱ्याला अज्ञात होते ते इतकेच, की यादीतले कोणते वाक्य निवडले गेले आहे. अर्थ काढून टाकल्यावर जे उरते ते म्हणजे ही निवड. यादीत ३२ वाक्ये आहेत असे हिशेबापुरते धरले, तर ‘हो’ किंवा ‘नाही’ एवढेच उत्तर देणाऱ्या माणसाला पाच प्रश्न विचारून नेमके वाक्य ओळखता येते : पहिल्या सोळांत आहे काय, मग त्यातील पहिल्या आठांत आहे काय, असे निम्मे-निम्मे करत जायचे. म्हणून त्या तारेतील माहिती पाच बिट. बिट हा शब्द सुचवल्याचे श्रेय शॅनन यांनी जॉन ट्युकी यांना दिले आहे. शक्य संदेशांच्या संख्येचा लॉगरिथम (म्हणजे दोनाचा कितवा घात घेतला की ती संख्या येते, तो आकडा; ३२ साठी पाच) हे माहितीचे माप मानावे, ही कल्पना मात्र राल्फ हार्टली यांनी १९२८ सालीच मांडली होती.

हार्टली यांच्या मांडणीत सर्व संदेश समान शक्यतेचे असतात. आपला अनुभव तसा नसणार, कारण लग्नसराईत विवाहाच्या शुभेच्छांचा आकडा येईल हे आपण तार हातात पडण्यापूर्वीच ओळखत असाल. शॅनन यांनी माहितीची सांगड संभाव्यतेशी घातली ती येथे. खानापूर तालुक्यातील कणकुंबीहून जुलै महिन्यात ‘आज पाऊस आहे’ असा निरोप आला, तर त्याने आपल्या ज्ञानात फारशी भर पडत नाही. ‘आज पाऊस नाही’ असा आला, तर मात्र आपण चमकतो. पावसाच्या दिवसाची संभाव्यता ३२ पैकी ३१ आणि कोरड्या दिवसाची ३२ पैकी १ अशी समजली, तर पहिल्या निरोपात एका बिटाचा विसावा हिस्साही माहिती नसते (सुमारे ०.०४६ बिट), तर दुसऱ्यात पूर्ण पाच बिट असतात. हे दोन्ही आकडे आपापल्या संभाव्यतेने गुणून बेरीज केली, की रोजच्या निरोपाची सरासरी माहिती ०.२ बिट निघते. या सरासरीला शॅनन यांनी एन्ट्रॉपी म्हटले. असे निरोप एकेकटे न पाठवता महिनाभराचे एकत्र करून हुशारीने सांकेतिक रूपात मांडले, तर दिवसाला एक बिट खर्च करण्याची गरज राहत नाही, आणि किती काटकसर साधेल याची खालची मर्यादा हीच एन्ट्रॉपी ठरवते.

अर्थ महत्त्वाचा नाही, असे शॅनन यांचे म्हणणे नव्हते. संदेश वाहून नेणाऱ्या यंत्रणेची रचना करताना अर्थाचा विचार अप्रस्तुत ठरतो, कारण पाठवणारा काय निवडील हे यंत्रणेला आधी ठाऊक नसते आणि तिने प्रत्येक शक्य निवडीसाठी सज्ज असावे लागते, एवढेच त्यांनी म्हटले. भारतातील तारसेवा जुलै २०१३ मध्ये बंद झाली, पण आपण पाठवलेल्या त्या आकड्यांइतके या विधानाचे स्वच्छ उदाहरण आम्हाला तरी पाठ्यपुस्तकांतही सापडलेले नाही.

प्रश्न : माप घ्यायचेच होते तर लॉगरिथमच का? दुसरे एखादे सूत्र चालले नसते काय?
— शिक्षक, खानापूर

उत्तर : छंदःशास्त्रातील गण आपल्या परिचयाचे असतील. तीन अक्षरांचा एक गण, प्रत्येक अक्षर लघु किंवा गुरू, म्हणून एकूण आठ गण. ‘यमाताराजभानसलगा’ या सूत्रात ते एकात एक गुंफलेले आहेत. सहा अक्षरांचे प्रकार होतात ६४. अक्षरे दुप्पट झाली तेव्हा शक्यता आठपट झाल्या, पण आपले मन म्हणते की माहिती दुप्पटच झाली असली पाहिजे. शक्यतांचा गुणाकार होत असताना मापाची बेरीज व्हावी, ही अपेक्षा लॉगरिथमच पुरी करतो : आठ गणांचे तीन बिट, ६४ प्रकारांचे सहा. मात्र कवीने भुजंगप्रयात वृत्त निवडल्याचे एकदा कळले, की पुढील ओळींतील लघु-गुरूंचा क्रम य गणाच्या चार आवर्तनांनी ठरूनच जातो आणि त्या क्रमात नवी माहिती शून्य उरते. जे आधीच ठरलेले आहे ते सांगण्याला या सिद्धांतात काहीच मोल नाही.

असमान संभाव्यतांच्या बाबतीत शॅनन यांनी तीन अटी घातल्या. माप संभाव्यतांबरोबर सलगपणे बदलावे. समान शक्यता जितक्या अधिक तितके ते मोठे व्हावे. आणि एक निवड टप्प्याटप्प्याने केली तरी एकूण माप तेच यावे. तिसरी अट आपल्या भागात समजावून सांगणे सोपे आहे. बेळगावच्या गणपत गल्लीतील दुकानात पाऊल ठेवणारे निम्मे ग्राहक मराठीत, पाव कन्नडमध्ये आणि पाव हिंदीत बोलतात, असे हिशेबापुरते समजा. दुकानदाराच्या मनातील अनिश्चितता सरळ मोजली तर ती दीड बिट येते. आता तीच दोन टप्प्यांत मोजा : ग्राहक मराठीत बोलतो की अन्य भाषेत, हा एक बिट, अन्य भाषेत असेल तर कन्नड की हिंदी, हा आणखी एक बिट, पण तो निम्म्या वेळीच लागतो म्हणून अर्धा. बेरीज पुन्हा दीड. या तिन्ही अटी पाळणारे सूत्र, एककाची निवड सोडली तर, एकच निघते : प्रत्येक संभाव्यतेला तिच्या व्यस्ताच्या लॉगरिथमने गुणावे आणि सर्व गुणाकारांची बेरीज घ्यावी. तेव्हा दुसरे सूत्र चालवायचे असेल, तर यांपैकी कोणती अट सोडण्याची आपली तयारी आहे, ते आधी सांगावे लागेल.

प्रश्न : मोबाइलवरून साधा संदेश इंग्रजीत पाठवला तर १६० अक्षरे मावतात, मराठीत किंवा कन्नडमध्ये ७०. याचा अर्थ आपल्या भाषांत प्रत्येक अक्षराला माहिती जास्त असते, असा घ्यावा काय?
— महाविद्यालयीन विद्यार्थिनी, चिकोडी

उत्तर : नाही. एका संदेशाला ११२० बिट मिळतात. रोमन अक्षरांसाठी सात-सात बिटांचा संकेत वापरला जातो, म्हणून १६०. देवनागरी किंवा कन्नड लिपीसाठी युनिकोडचे (जगातील लिप्यांतील चिन्हांना क्रमांक देणाऱ्या पद्धतीचे) सोळा-सोळा बिट खर्ची पडतात, म्हणून ७०. त्यातही काना, मात्रा, वेलांटी आणि हलन्त वेगळे मोजले जातात. चार अक्षरांचा ‘बेळगाव’ हा शब्द सहा जागा, म्हणजे ९६ बिट, अडवतो. युनिकोडच्या देवनागरी विभागात मुळात १२८ जागा आहेत आणि त्या ओळखायला सात बिट पुरेसे होते. हा उधळेपणा संकेताचा आहे, भाषेचा नाही. भाषेची स्वतःची एन्ट्रॉपी याहून कितीतरी कमी असते, कारण एका अक्षरानंतर कोणते येईल याचा वाचकाला बराच अंदाज असतो. इंग्रजी मजकुराचा सुमारे निम्मा भाग अशा रीतीने भाषेच्या घडणीतूनच ठरलेला असतो, असा शॅनन यांचा १९४८ सालचा अंदाज होता.

प्रश्न : आम्हाला शिकवतात की नॉइज (संदेश बिघडवणारा व्यत्यय) असलेल्या चॅनेलवरूनही (संदेश वाहणाऱ्या मार्गावरूनही) चूक हवी तितकी कमी करता येते आणि तरीही वेग शून्याकडे जात नाही. सूत्र पाठ आहे, पण विश्वास बसत नाही. शिवाय शॅनन यांची सिद्धता अपुरी होती, असेही ऐकले. खरे काय?
— अभियांत्रिकीचा विद्यार्थी, बेळगाव

उत्तर : विश्वास न बसणे योग्यच आहे. १९४८ पूर्वी जाणकारांचीही समजूत अशीच होती, की चूक कमी करायची तर वेगाचा बळी द्यावाच लागतो. जंगलपट्ट्यातील एखाद्या गावाहून तुटक आवाजात फोन आला, की आपण नाव पुन्हा पुन्हा विचारतो किंवा ‘क कमळाचा, ग गणपतीचा’ असे सांगतो, म्हणजे जास्तीची अक्षरे घालून चूक टाळतो. प्रत्येक बिट ० किंवा १ म्हणून पाठवणारे आणि दर दहा बिटांत सरासरी एक उलटा (० चा १ किंवा १ चा ०) होणारे चॅनेल घ्या. प्रत्येक बिट तीनदा पाठवून बहुमत घेतले, तर चुकीची शक्यता १० टक्क्यांवरून २.८ टक्क्यांवर येते, पाचदा पाठवल्यास सुमारे ०.८६ टक्क्यांवर, पण वेग अनुक्रमे एक-तृतीयांश आणि एक-पंचमांश होतो. या वाटेने पुढे गेले तर वेग खरोखरच शून्याकडे जातो. आपला अविश्वास या वाटेपुरता खरा आहे.

शॅनन यांनी वाट बदलली. एकेक बिट जपण्याऐवजी संपूर्ण लांब संदेशाला एक शब्द मानावे. समजा, १००० बिटांचा संदेश २००० बिटांत बसवून पाठवायचा आहे, म्हणजे वेग निम्मा. बर्नुली यांचा मोठ्या संख्यांचा नियम, जो १७१३ साली त्यांच्या मृत्यूनंतर प्रसिद्ध झाला, सांगतो की २००० पैकी चुकीचे बिट २००च्या आसपासच असणार. नेमके कोणते बिट चुकतील हे कळत नाही, पण किती चुकतील हे जवळपास कळते, आणि सगळी किमया या फरकात आहे. सुमारे २०० चुका २००० जागांवर विखुरण्याचे प्रकार साधारण दोनाचा ९३८वा घात इतके, कारण १० टक्के चुकीची एन्ट्रॉपी ०.४६९ बिट आहे आणि तिची २००० पट ९३८ होते. प्रत्येक पाठवलेल्या शब्दाभोवती, तो बिघडून ज्या रूपांत पोहोचू शकेल त्यांचा इतका मोठा घोळका असतो. पोहोचू शकणाऱ्या रूपांची एकूण संख्या दोनाचा २०००वा घात. भागाकार केला तर एकमेकांत न मिसळणाऱ्या सुमारे दोनाच्या १०६२व्या घाताइतक्या घोळक्यांना जागा आहे, आणि आपल्याला लागतात फक्त दोनाच्या १०००व्या घाताइतके. जागा उरते. म्हणून या चॅनेलची क्षमता प्रत्येक बिटामागे ०.५३१, आणि तिच्या खालचा कोणताही वेग, येथे निम्मा, निर्धोकपणे साधता येतो. त्याच्या वर मात्र कोणतीही युक्ती चालत नाही.

आता प्रामाणिक शंका अशी, की जागा आहे म्हणून घोळके खरोखर वेगवेगळे बसतीलच कशावरून? शॅनन यांनी येथे कोणताही विशिष्ट संकेत रचलाच नाही. पाठवायचे शब्द यदृच्छेने निवडले, असे मानून त्यांनी अशा सर्व संकेतांची सरासरी चूक काढली आणि शब्दांची लांबी वाढवल्यावर ती शून्याकडे जाते, असे दाखवले. सरासरीच इतकी कमी असेल, तर निदान एक संकेत तितका चांगला असलाच पाहिजे. तो कोणता, हे मात्र सिद्धता सांगत नाही.

सिद्धता अपुरी असल्याची तक्रारही निराधार नाही. संभाव्यताशास्त्रातील मोठे गणिती जोसेफ डूब यांनी आपल्या परीक्षणात त्या लेखाच्या गणिती काटेकोरपणाविषयी उघड शंका घेतली होती. स्मरण असलेल्या स्रोतांसाठी, म्हणजे ज्यांत पुढील अक्षर मागील अक्षरांवर अवलंबून असते त्यांसाठी, बर्नुलींचा साधा नियम पुरत नाही. तेथे एर्गोडिक सिद्धांत, म्हणजे अशा परस्परावलंबी क्रमांच्या दीर्घकालीन सरासरीचे गणित, लागतो. ब्रॉकवे मॅकमिलन यांनी १९५३ साली आणि अमिएल फाइनस्टाइन यांनी १९५४ साली हे काम पुढे नेले, आणि मॉस्कोचे अलेक्सांद्र खिंचिन यांनी १९५३ आणि १९५६ सालच्या दोन दीर्घ निबंधांत पायापासून बांधणी करून दिली. आमच्या मते, शॅनन यांची विधाने बरोबर होती आणि त्यांच्या सिद्धतांना आधाराची गरज होती, ही दोन्ही विधाने एकाच वेळी खरी आहेत. परीक्षेत मात्र पहिलेच लिहावे.

राहिला प्रश्न चांगला संकेत प्रत्यक्षात शोधण्याचा. रिचर्ड हॅमिंग यांनी १९५० साली चार बिटांना तीन जोडून एक चूक दुरुस्त करणारा संकेत प्रसिद्ध केला, पण तो शॅनन यांच्या क्षमतेच्या मर्यादेपासून दूर होता. रॉबर्ट गॅलगर यांनी १९६० च्या दशकाच्या आरंभी सुचवलेले संकेत मर्यादेजवळ जाणारे होते, पण तेव्हाच्या यंत्रांना ते झेपणारे नव्हते, म्हणून ते कित्येक वर्षे बाजूला पडून राहिले. १९९३ साली फ्रान्समध्ये टर्बो संकेत निघाले तेव्हा लोकांना गॅलगर पुन्हा आठवले. तुर्कस्तानचे एर्दाल आरिकान यांनी २००९ साली मांडलेल्या पोलर संकेतांविषयी तर ते क्षमतेपर्यंत पोहोचतात हे सिद्धच करता येते. आपल्या हातातील फाइव्ह-जी फोन मुख्य मजकुरासाठी गॅलगर यांच्या घराण्यातले संकेत वापरतो आणि नियंत्रणाच्या छोट्या संदेशांसाठी आरिकान यांचे.