बटाटा गुळगुळीत हवा, खळ नको

प्रश्न : दिवाळीच्या सुट्टीत नणंदा, जावा, मुलं धरून आमच्याकडे 12 माणसं जेवायला असतात. भाऊबिजेच्या दुसऱ्या दिवशी सुक्क्या मटणाचा बेत असतो. नातवंडांना त्यासोबत हॉटेलात मिळतो तसा मलईदार मॅश्ड पोटॅटो हवा आहे. गेल्या वर्षी बटाटे उकडून, दूध घालून मिक्सरला फिरवले, तर चिकट खळ झाली. चमचा उचलला की तार निघत होती. काय चुकलं? आणि 12 जणांना किती करावं?
— एक वाचक, राजारामपुरी, कोल्हापूर

उत्तर : मिक्सर चुकला, बाकी काही नाही. बटाट्याच्या प्रत्येक पेशीत स्टार्चचे कण असतात. शिजताना ते पाणी पिऊन फुगतात, पण पेशी शाबूत असेपर्यंत आतच राहतात. मिक्सरचं पातं पेशी फाडतं, आतला स्टार्च बाहेर येतो आणि पाण्यात मिसळून त्याची खळ होते. एकदा तार सुटली की लोणी घाला नाहीतर दूध, ती जात नाही. त्यात ज्वारीचं आणि थोडं बेसनाचं पीठ मिसळून थालिपिठं लावावीत, एवढाच उपयोग.

आपल्या घरात यासाठी उत्तम साधन आधीपासून आहे : पुरणयंत्र. बारीक जाळी लावून गरम बटाटा त्यातून फिरवला की पेशी एकमेकींपासून सुट्या होतात, फुटत मात्र नाहीत. पुरणाची चाळणी असेल तर वाटीच्या बुडाने वरून खाली दाबावं, गोल गोल घोटू नये.

12 जणांना, सोबत भाकरी, मटण, भात असताना 2 किलो बटाटे पुरतात. त्याला 250 ग्रॅम लोणी आणि 400 ते 500 मिली म्हशीचं दूध. सुक्क्याचा मसाला अंगाला लागावा असं घट्ट हवं असेल, तर दूध 300 मिलीवर थांबवा. पातळ रस्सा मात्र यावर ओतू नका, सगळं वाहून ताटभर होतं.

बटाटे सोलून 4 सेंटिमीटरच्या सारख्या फोडी करा आणि एकदा धुऊन घ्या. पातेल्यात घालून वर दोन बोटं येईल इतकं गार पाणी, लिटरला दीड चमचा मीठ. उकळत्या पाण्यात टाकलेली फोड बाहेरून विरघळते आणि आत कच्ची राहते, म्हणून सुरुवात गार पाण्यानेच. उकळी आली की आच कमी करून 18 ते 20 मिनिटं हलकं शिजू द्या. फोडीला सुरी टोचून उचला. फोड आपोआप गळून पडली पाहिजे. सुरीला धरून राहिली तर अजून 3 मिनिटं. इथे घाई केली की गुठळ्या राहतात आणि त्या नंतर कशानेही मोडत नाहीत.

पाणी पूर्ण निथळून फोडी त्याच पातेल्यात परत घाला आणि मंद आचेवर दीड-दोन मिनिटं पातेलं हलवत राहा. दाट वाफ विरळ होते, फोडींच्या कडा पांढऱ्या, पिठूळ दिसू लागतात. ही पायरी सर्रास गाळली जाते आणि मग लगदा पाणचट होतो. जितकं पाणी उडेल तितकं दूध बटाटा घेईल.

आता गरम असतानाच पुरणयंत्र. गार झालेल्या बटाट्यातला स्टार्च आवळतो आणि लगदा रवाळ होतो. आधी लोणी घालून लाकडी डावाने खालून वर सारखं करा, मग गरम दूध तीन-चार वेळा थोडं थोडं. हा क्रम उलटा करू नये : लोण्याचा थर आधी बसला की दुधातल्या पाण्याने स्टार्च चिकट होत नाही. सगळं एकजीव झालं की थांबायचं. मीठ शेवटी चाखून, आणि पांढरी मिरी चिमूटभर.

प्रश्न : लक्ष्मीपुरीच्या बाजारातून आणलेला बटाटा कधी छान भुगा होतो, कधी गोडसर आणि ओला लागतो. दुकानदार सगळ्याला चांगलाच म्हणतो. ओळखायचं कसं?
— कागल

उत्तर : दिवाळीच्या सुमारास बाजारात दोन तऱ्हेचा माल असतो. एक शीतगृहातला जुना, दुसरा पुणे-सातारा भागातला किंवा कर्नाटकातून येणारा नवा. नव्याची साल अंगठ्याने घासली तरी निघते, त्यात पाणी जास्त. रस्साभाजीला तो छान, लगद्यासाठी नको. जुना घ्या, पण थंडीत राहिलेल्या बटाट्यात स्टार्चची साखर होते, तोच तुम्हाला लागलेला गोडवा. असा बटाटा आठ-दहा दिवस आधी आणून टोपलीत, अंधारात, हवेशीर ठेवला की गोडवा बराच उतरतो. घरच्या फ्रिजमध्ये तर कच्चा बटाटा कधीच ठेवू नये.

पिठूळ ओळखायला सोपी परीक्षा : 11 वाट्या पाण्यात 1 वाटी मीठ विरघळवा आणि बटाटा सोडा. बुडाला तर पिठूळ, तरंगला तर चिकट जातीचा. घरी येणारं बोअरचं पाणी जड असेल तर शिजवायला पिण्याचं पाणी वापरा. जड पाण्यातल्या कॅल्शियममुळे बटाटा टणक राहतो. हिरवट डाग असतील तिथे साल जाड काढा, फार हिरवा असेल तर टाकूनच द्या.

प्रश्न : घरचं लोणी वापरलं तर दूध फुटल्यासारखं झालं. लोण्याऐवजी तूप चालेल का?
— गंगावेश

उत्तर : लोण्यात आंबट ताक राहिलं होतं. लोणी गार पाण्याने तीन-चार वेळा, पाणी नितळ निघेपर्यंत धुवा आणि दोन दिवसांपेक्षा जुनं घेऊ नका. विकतचं पिवळं बटर खारट असतं, ते घेतलंत तर वरचं मीठ निम्मं करा. तूप नको. ते बटाट्यात मुरत नाही, कडेने सुटतं आणि खाताना टाळूला चिकटतं. गंगावेशीत समोर म्हैस पिळून दूध देणारा दूध कट्टा हाताशी आहे, तर ताजं म्हशीचं दूध आणा. त्याच्या साईवर वेगळं क्रीम लागतच नाही. दूध आधी उकळून घ्या आणि घालताना वाफाळतं असू द्या.

प्रश्न : पाहुणे येण्याआधी करून ठेवता येईल का?
— इचलकरंजी

उत्तर : दीड तास आधी करता येईल. पातेलं गरम पाण्याच्या मोठ्या पातेल्यात ठेवा, पृष्ठभाग सपाट करून वर अर्धी वाटी गरम दूध ओता आणि न ढवळता झाका. त्या दुधामुळे वर कोरडी पापडी धरत नाही. वाढताना ते खालून वर मिसळायचं. उरलेलं बाहेर ठेवू नका, दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये. दुसऱ्या दिवशी त्याचे वडे करायला जाऊ नका, लोण्यामुळे ते तेलात फुटतात. पोह्यांची पूड मिसळून, रव्यात घोळवून तव्यावर पॅटिस भाजा.