गृहकर्जाचा व्याजदर ९ टक्के, म्हणजे घर शेवटी ९ टक्क्यांनीच महाग पडतं का?

नाही हो! ते ९ टक्के एकदाच नाही, शिल्लक मुद्दलावर दर वर्षी लागतात. २० वर्षांसाठी १०० रुपये कर्ज घेतलं, तर मासिक हप्त्यांतून एकूण सुमारे २१६ रुपये परत जातात. मुदत ३० वर्षे केली की हप्ता जेमतेम ११ टक्क्यांनी हलका होतो, पण परतफेड २९० च्या घरात जाते. म्हणून ‘हप्ता किती?’ एवढंच विचारून थांबू नका.

खरी मेख हप्त्याच्या आत आहे. २० वर्षांच्या त्याच कर्जात पहिल्या हप्त्यातला सुमारे ८३ टक्के भाग व्याजाचा असतो. १० वर्षे इमानेइतबारे भरल्यावरही ७१ टक्के मुद्दल तसंच उभं! (मी हे गणित पहिल्यांदा मांडलं तेव्हा चूक शोधत बसलो होतो.) म्हणूनच जास्तीचे पैसे भरायचे तर सुरुवातीच्या वर्षांत भरा. वर्षाला फक्त एक हप्ता जादा भरलात तरी हे कर्ज तीन वर्षांहून अधिक आधी फिटतं.

दर बदलता असेल तर दरवाढीनंतर हप्ता तोच दिसतो आणि मुदत गुपचूप लांबते, असंही होतं. तेव्हा कर्जखात्याचं विवरण काढून उरलेले हप्ते मोजा.

प्रक्रिया शुल्क, विमा, घरपट्टी, डागडुजी हे सगळं वेगळंच.

महागाईमुळे शेवटचे हप्ते हलके वाटतात हे खरं, पण उत्पन्नही वाढत गेलं तरच.